अकरा रिकामी सेकंदं

एप्रिलच्या शेवटच्या रविवारी अपेक्षा गजभियेने दोनशे माणसांसमोर एका म्हाताऱ्या संगीतकाराला शाल मिळवून दिली. टाळ्या पडल्या, फोटो निघाले, काहींनी डोळे पुसले. अपेक्षा मात्र तिसऱ्या रांगेत बसून आपल्या बुटांच्या नाडीची भोकं मोजत होती. डाव्या बुटाला बारा, उजव्याला बारा, पुन्हा डाव्याला बारा. ज्या संगीतासाठी ती शाल होती ते संगीत त्या माणसाचं नव्हतंच, आणि हे त्या सगळ्या सभागृहात फक्त चौघांना माहीत होतं.

सुरुवात झाली ती झाडूपासून.

जर्मनीत, स्टुटगार्टजवळच्या गेर्लिंगेनमधल्या त्यांच्या बिल्डिंगमध्ये सहा बिऱ्हाडं, आणि सहा बिऱ्हाडांत मिळून एक लाकडी पाटी. पाटी ज्याच्या दाराच्या मुठीला लटकते, त्याची त्या आठवड्याची केअरवोखे. म्हणजे जिना, तळघराची वाट आणि समोरचा फुटपाथ त्याने झाडायचा, आणि सोमवारी पाटी पुढच्या दाराला अडकवायची. अपेक्षाचे बाबा यशपाल मोठ्या कंपनीत इंजिनिअर, पण पाटी आली की व्हॅक्यूम क्लीनर घेऊन जिन्यात दहा मिनिटं नुसता आवाज करायचे आणि त्याला झाडणं म्हणायचे. फेब्रुवारीत नागपूरहून आजी आली. गयाबाई. महापालिकेत तीस वर्षं रस्ते झाडून रिटायर झालेली. तिने पाटी हातात घेऊन उलटसुलट बघितली, तिचा अर्थ विचारून घेतला आणि म्हणाली, "म्हणजे इथं इंजिनेराले बी झाडा लागते? बरं हाय."

त्या आठवड्यात आजीने फुटपाथ असा काही झाडला की सोमवारी ज्यांची पाळी, ते तळमजल्यावरचे हेर, म्हणजे श्रीयुत, दोआन आपला झाडू घेऊन बाहेर आले तर त्यांना कामच उरलं नव्हतं. झाडू धरून ते जरा वेळ तसेच उभे राहिले, मग वर खिडकीकडे बघून कमरेत वाकले. आजीनेही वरून हात जोडले. झाली ओळख. एकाला व्हिएतनामी आणि जर्मन येत होतं, दुसरीला वऱ्हाडी, आणि दोघांचं काही अडलं नाही.

खिडकी ही आजीची कायमची जागा होती, त्यातही गुरुवारची. गुरुवारी पावणेसातला कचऱ्याची गाडी यायची. नारिंगी कपड्यांतली दोन माणसं मागे उभी, डबा गाडीच स्वतः उचलणार, उलटा करणार, खाली ठेवणार. "हातमोजे पाह्य किती जाड," आजी म्हणायची. "आमाले तीस वर्सांत दोनदा भेटले. एकदा तं दोनी डाव्याच हाताचे." मग ती त्या माणसांना हात करायची. तीन गुरुवार कुणी वर बघितलंच नाही. चौथ्या गुरुवारी स्टिअरिंगवरच्या माणसाने बघितलं आणि दोनदा हॉर्न वाजवला. आजीचा हात वर गेला तो वरच राहिला. गाडी कोपऱ्यावरून वळून गेली तरी हात वरच.

आणि हे सगळं अपेक्षाच्या कॅमेऱ्यात होतं.

इथे अपेक्षाबद्दल सांगायला हवं. गेल्या वर्षापर्यंत ही मुलगी वर्गात तोंड उघडायची नाही. मग ती शाळेच्या फिल्म-आगेमध्ये, म्हणजे शाळेच्या फिल्मच्या ग्रुपमध्ये, गेली. तिच्या दोन मिनिटांच्या फिल्मला टाळ्या मिळाल्या आणि सोळाव्या वर्षी तिला अचानक कळलं की आपण बोललो तर लोक ऐकतात. तेव्हापासून ती थांबतच नव्हती. आजीवर आठ मिनिटांची फिल्म करायची, नाव 'गुरुवार', हे तिने जेवताना सगळ्यांना असं ऐकवलं की जणू ती तयारच आहे.

"मग खालच्या काकांना विचार ना," आई म्हणाली. क्रांती, अपेक्षाची आई, बिल्डिंगमधल्या सगळ्यांची सगळी माहिती ठेवून असायची. "ते फिल्मना संगीत द्यायचे म्हणे. हनोईला. चौदा फिल्म केल्यात."

"हेर दोआन? एश्ट?" म्हणजे, खरंच?

"मराठीत आश्चर्य कर."

हेर दोआन यांचं पूर्ण नाव दोआन हुउ खिएम. त्यांच्या बैठकीत भिंतीवर एकच फोटो होता. चिंचोळ्या खोलीत दाटीवाटीने बसलेले वादक, समोर हातात काठी घेतलेला काळ्या केसांचा सडपातळ माणूस, आणि मागे दोरीला टांगलेली पलंगाची चादर.

"चादर कशाला?" अपेक्षाने विचारलं.

"तोच पडदा. त्यावर फिल्म चालायची आणि आम्ही तिच्याकडे बघून वाजवायचो. टेप मोजकी. एका फिल्मचं सगळं संगीत एका दिवसात. वादक बावीस आणि खोली बारा जणांची, त्यामुळे बासरीवाला दारात उभा. कुणी चुकलं तर चूक फिल्ममध्ये राहायची. माझ्या सहाव्या फिल्ममध्ये एक कोंबडा आहे. तो मी लिहिलेला नाही."

ते तरुणपणी पूर्व जर्मनीत संगीत शिकले, परत जाऊन बारा वर्षांत चौदा फिल्म केल्या, आणि मग घर चालेना म्हणून पुन्हा पूर्व जर्मनीत आले. या वेळी कारखान्यात काम करायला, कारण भाषा येत होती. भिंत पडली, कारखाना बंद झाला, ते दक्षिणेकडे आले. नेकारसुल्मच्या गाड्यांच्या कारखान्यात निवृत्त होईपर्यंत होते. "तिथे मला कुणी संगीत मागितलं नाही," ते म्हणाले. "साहजिक आहे. गाडीला कशाला लागतं?"

अपेक्षाने मागितलं. तिच्याआधी पस्तीसहून जास्त वर्षांत कुणीच मागितलं नव्हतं.

ते उठून उभे राहिले. तिला वाटलं, नाही म्हणणार. "फ्राउ रेजिस्योरिन," ते म्हणाले, म्हणजे दिग्दर्शक बाई, आणि शाळेत जाणाऱ्या मुलीला चक्क 'तुम्ही' म्हणाले, "एक विनंती आहे. फिल्म कापताना खाली दुसरं कुठलंही संगीत लावून ठेवू नका. तात्पुरतंसुद्धा नाही. कान एकदा लग्न करून बसले की सोडवत नाहीत."

"गेनाऊ," अपेक्षा म्हणाली. अगदी बरोबर.

आणि त्या क्षणी वरच्या मजल्यावर तिच्या लॅपटॉपमध्ये, आजीच्या उचललेल्या हाताखाली, नेटवर फुकटात मिळालेला एक पियानो लागलेला होता. आधी हळू, मग मोठा, मग व्हायोलिन्स. फिल्म-आगेच्या लेनाने तो ऐकून बाही वर केली होती आणि अंगावरचा काटा दाखवला होता. तेव्हा 'गेनाऊ' ऐवजी 'सॉरी, मी लावलाय' म्हणायला दोन सेकंदं लागली असती. पण फ्राउ रेजिस्योरिन अशी चूक करते का? नाही ना.

अपेक्षाने पियानो काढून दिलेली फिल्म हेर दोआन यांनी एकदा रस्त्याच्या मूळ आवाजासकट आणि मग आवाजाशिवाय सात वेळा बघितली. चौकटींच्या वहीत पेन्सिलने आकडे लिहिले. "बाई श्वास कधी घेतात ते बघतोय," ते म्हणाले. "श्वास घेतला की मी थांबतो. सोडला की सुरू होतो." तीन आठवड्यांनी त्यांनी अपेक्षाला आणि आजीला खाली बोलावलं. टेबलावर दान बाउ ठेवलेलं. लांबट लाकडी पेटी, तिच्यावर एकच तार, आणि एका टोकाला वेताची काडी. काडी वाकवली की तारेचा सूर माणसाच्या गळ्यासारखा वळायचा. आजीने विचारलं, "एकतारीच हाय का हे?" अपेक्षाने जर्मनमध्ये सांगितलं, तर त्यांनी उठून ती पेटी आजीच्या मांडीवर ठेवली. आजीने एकदा तार छेडली आणि स्वतःच दचकली. मग ते वाजवायला बसले आणि अपेक्षाने रेकॉर्ड केलं.

फार थोडं होतं. आठ मिनिटांत जेमतेम तीन मिनिटं सूर. आणि जिथे आजीचा हात वर जातो, जिथे पियानो आभाळाएवढा व्हायचा, तिथे काहीच नव्हतं. अकरा सेकंदं चिडीचूप. मग एकच सूर, आणि संपलं.

"कसं वाटलं, फ्राउ रेजिस्योरिन?"

"झूपर," अपेक्षा म्हणाली, म्हणजे एकदम मस्त.

लेनाने मात्र हेडफोन काढून विचारलं, "फाइल अर्धीच आलीये का?"

झालं. अपेक्षाने पियानो ठेवला. ठेवला म्हणजे नुसता ठेवला नाही, त्याच्यासाठी फिल्म पुन्हा कापली. पियानो मोठा होतो तिथे हात वर जायला हवा, म्हणून हात चार सेकंदं आधी उचलवला. मध्ये हॉर्नचा आवाज घाणेरडा वाटत होता, तो बारीक केला. शेवटच्या पाटीवर 'संगीत: दोआन हुउ खिएम' आधीपासून लिहिलेलं होतं. ते तिने काढलं नाही. खरं सांगायचं तर काढण्यासाठी तिने माउस तिथवर नेला होता. पण त्या नावाने फिल्म मोठी दिसत होती.

आणि ते नाव तोवर फिल्मच्या पोस्टरवरही गेलं होतं. फिल्म जिथे दाखवायची होती ती स्टुटगार्टच्या मंडळाची बाबासाहेबांची जयंती दरवर्षीसारखी हॉल मिळेल त्या रविवारी होती, आणि मंडळाचे अध्यक्ष राजानंद काका पोस्टर बघून हरखूनच गेले. "व्हिएतनामचे संगीतकार. बौद्ध देशातला कलावंत आपल्या गयाबाईंसाठी संगीत देतो. अपेक्षा, बेटा, आपण त्यांचा सत्कार करू."

"काका, आल्झो, म्हणजे, त्याचं काय आहे ना..."

"काय?"

"काही नाही. छान."

त्यानंतरचे दहा दिवस ती जिन्यातून मांजरीसारखी उतरायची. तळमजल्यावरचं दार उघडल्याचा आवाज आला की पहिल्या मजल्यावर थांबून बुटाची नाडी बांधायची. सांगायचंच आहे, उद्या सांगू. उद्या परीक्षा. परवा ते घरी नसतील. तेरवा आईने सांगितलं, "अगं, दोआन काकांनी सुटाला इस्त्री केलीये. आणि त्यांची मुलगी वोल्फ्सबुर्गहून येतेय. लान. वडिलांची एकही फिल्म तिने थिएटरात पाहिलेली नाही म्हणे." अपेक्षाने जेवण अर्धवट टाकलं. तरीही ती गेली नाही.

रविवारी वंदना झाली, भाषणं झाली, लहान मुलांची गाणी झाली आणि दिवे मालवले. अपेक्षाच्या एका बाजूला आजी, पुढच्या रांगेत हेर दोआन आणि लान. पडद्यावर खिडकी आली आणि पियानो सुरू झाला.

हेर दोआन यांची मान किंचित वर झाली, जसं कुणी चुकीच्या नावाने हाक मारल्यावर होते. मग ती तशीच राहिली. लानने पडद्याकडे बघणं सोडलं आणि ती वडिलांकडे बघू लागली.

"पोरी," आजी म्हणाली. तिला कुजबुजणं कधी जमलंच नाही. "हे त्या बाबाचं वाजवणं नाही."

"आजी, नंतर."

"मी तं तथी होती ना. ती तार कुठी गेली?"

"आजी, प्लीज. नंतर सांगते."

"नंतर म्हणजे कवा?"

मागून कुणीतरी शूः केलं. पडद्यावर आजीचा हात वर गेला, पियानो आभाळाएवढा झाला, हॉलमध्ये नाकं ओढल्याचे आवाज आले. धरणीने पोटात घ्यावं असं वाटणं म्हणजे काय ते अपेक्षाला पहिल्यांदाच कळलं. पण स्टुटगार्टच्या त्या हॉलची फरशी फारच पक्की होती.

मग दिवे लागले आणि राजानंद काकांनी नाव पुकारलं. हेर दोआन पायऱ्या चढून गेले. काकांनी त्यांच्या खांद्यावर शाल घातली, हातात फुलं आणि पुस्तक दिलं. "तो पियानो," काका माइकवर म्हणाले, "तो पियानो आपल्या गयाबाईंचं काळीज बोलत होता." आईने स्टेजवर जाऊन ते जर्मनमध्ये सांगितलं. सगळं. पियानोसकट. बिचाऱ्या आईला काय माहीत.

माइक हेर दोआन यांच्या हातात आला. त्यांनी हॉलमध्ये नजर फिरवली आणि ती तिसऱ्या रांगेत येऊन थांबली. आता सांगतील, अपेक्षाला वाटलं. आणि त्यांनी सांगून टाकावं, एकदाचं संपवावं, असंही वाटलं.

"फिल्म चांगली आहे," ते म्हणाले. "फिल्ममधल्या फ्राउ गजभिये त्याहून चांगल्या आहेत. धन्यवाद."

वाकून ते खाली उतरले. टाळ्या. आजीने टाळी वाजवली नाही. जाताना ते अपेक्षाच्या खुर्चीपाशी क्षणभर थांबले. "गुटन आबेंड, अपेक्षा," म्हणाले, म्हणजे शुभ संध्याकाळ. नुसतं अपेक्षा. फ्राउ रेजिस्योरिन गेली होती.

तो गजभियांच्या पाळीचा आठवडा होता, आणि दुसऱ्या दिवशी सोमवार. पाटी तळमजल्यावर पोचवायची होती. शाळेतून येऊन अपेक्षाने ती मुठीवरून काढली, मोजे घालून, बूट न घालता खाली गेली. आवाज न करता अडकवायची आणि पळायचं. पाटी मुठीला टेकली आणि दार उघडलं.

शाल त्यांच्या हातात होती, घडी घातलेली.

"मी वरच येत होतो," ते म्हणाले. "ही पियानो वाजवणाऱ्याला द्यायची आहे. त्याचा पत्ता आहे का?"

पत्ता कुठला? त्या फाइलला धड नावही नव्हतं.

"मी आधीपासून पियानो लावला होता," अपेक्षा म्हणाली. "तुम्ही नको म्हणालात तेव्हापण लागलेलाच होता. मग तुमचं संगीत आलं आणि मला ते... रिकामं वाटलं. मी सांगितलं नाही. नाव पण काढलं नाही, कारण तुमच्या नावाने भारी दिसत होतं." सगळं जर्मनमध्ये, एका श्वासात, पाटीकडे बघत.

हेर दोआन यांनी शालीची घडी सारखी केली. मग म्हणाले, "माझ्या चौथ्या फिल्मचं संगीत दिग्दर्शकाने सगळंच्या सगळं काढलं होतं. त्याला आवडलं नाही. तो सायकलवरून बारा किलोमीटर आला, माझ्या दारात उभा राहिला आणि म्हणाला, खिएम, मी ते काढलं. मी त्याला चहासुद्धा विचारला नाही. पण पुढच्या सहा फिल्म मी त्याच्याच केल्या. काढायचा हक्क दिग्दर्शकाचाच असतो, अपेक्षा. आणि सांगायला यायचं कामही त्याचंच. तुला तर फक्त दोन जिने उतरायचे होते."

अपेक्षा घाईघाईने म्हणाली, "मी परत लावते. आजच लावते तुमचं संगीत, आणि पुढच्या रविवारी सगळ्यांना पुन्हा दाखवते."

"कुठे लावशील? तू हात चार सेकंदं आधी नेलास. मी बघितलं. माझी अकरा सेकंदं जिथे होती ती जागाच आता नाही." आवाज चढला नव्हता, हेच वाईट होतं. "तू केलीस ती पियानोची फिल्म आहे. असू दे. माझं नाव मात्र काढ."

त्यांनी मुठीवरची पाटी सरळ केली, शाल अपेक्षाच्या हातांवर ठेवली आणि दार लावलं. आपटलं नाही.

घरी आल्यावर तिने आधी नाव काढलं. मग आईला सांगितलं. आई आधी चिडली, मग आपण स्टेजवर काय काय बोललो ते आठवून डोक्याला हात लावून बसली. "मंडळाला मी नाही सांगणार," ती म्हणाली. "तूच सांग. मराठीत सांग."

अपेक्षाने मंडळाच्या ग्रुपवर व्हॉइस मेसेज केला. पाच वेळा पुसला, सहाव्यांदा पाठवला. "जय भीम. मी अपेक्षा. रविवारी जे म्युझिक होतं ते हेर दोआन यांचं नव्हतं. त्यांनी खूप छान दिलं होतं, ते मी काढलं आणि त्यांना सांगितलं नाही. तुम्ही टाळ्या वाजवल्या तेव्हा त्यांना ते माहीत होतं आणि ते गप्प बसले, माझ्यासाठी. शाल माझ्याकडे आहे. त्यांनी परत दिली."

उत्तरं येत गेली. अंगठे. 'इट्स ओके बेटा.' 'मुलं आहेत, चालायचंच.' राजानंद काकांचं कितीतरी वेळाने आलं. "बेटा, खरं बोललीस. पण तू एकटीने नाही, आपण सगळ्यांनी मिळून त्या माणसाला स्टेजवर उभं करून लाजवलं. ती शाल घेऊन त्यांच्याकडे मी स्वतः यायला हवं, पण कोणत्या तोंडाने येऊ ते बघतो." अपेक्षाने ते तीनदा वाचलं. 'इट्स ओके' वाचून जी लाज थोडी कमी झाली होती, ती परत जागेवर आली.

गुरुवारी ती सहालाच उठली. आजी खिडकीत होती. कॅमेरा कपाटात होता.

"आज सिनेमा नाही?" आजीने विचारलं.

"नाही. आज नुसतं बघायचं."

खाली फुटपाथवर हेर दोआन झाडत होते. त्यांचा आठवडा होता. अपेक्षाने फोनवर त्यांचं रेकॉर्डिंग शोधलं. त्यांनी वाजवलं त्या दिवसानंतर ते तिने पूर्ण ऐकलंच नव्हतं. गाडीचा आवाज कोपऱ्यावर आला तेव्हा तिने हात हलवण्याच्या जागेच्या जरा आधीपासून ते लावलं आणि फोन खिडकीच्या कट्ट्यावर ठेवला. तार वाकली, वळली, आजीच्या श्वासाबरोबर चालल्यासारखी. गाडी खिडकीखाली आली. आजीचा हात वर गेला. आणि तार थांबली.

रस्त्यावर हॉर्न वाजला. दोनदा.

अकरा सेकंदं रिकामी नव्हतीच. ती हॉर्नसाठी ठेवलेली होती. अपेक्षाने तो हॉर्न घाणेरडा म्हणून बारीक केला होता आणि त्याच्यावर पियानो ओतला होता. पूर्ण फिल्ममध्ये तिच्या आजीला कुणी उत्तर दिलं असेल तर ते त्या हॉर्नने, आणि ऐकू आलं होतं ते फक्त खालच्या मजल्यावरच्या म्हाताऱ्याला.

"आयकलं?" आजी म्हणाली. हात अजून वरच होता. "हे त्या बाबाचं."

"हो, आजी. हे त्यांचं."

खाली झाडू थांबला होता. हेर दोआन झाडूवर दोन्ही हात ठेवून, पाठमोरे, उभे होते. शेवटचा एकच सूर वाजला, संपला. ते वर बघतील म्हणून अपेक्षाचे कान तापले, तोंड लपवावंसं वाटलं. पण ती खिडकीतून मागे सरली नाही.

त्यांनी वर बघितलं नाही. पुन्हा झाडायला लागले.